‘नळ आले’ : सोलापुरातून एक रॉक गाणे प्रसिद्ध करताना

आमच्या चौघांच्या बँडचे ‘नळ आले’ हे पहिले गाणे २४ मे २०२४ रोजी प्रसिद्ध झाले आणि त्याच्या ध्वनिमुद्रणाच्या कॉपीराइट नोंदणीचे प्रमाणपत्र मार्च २०२५ मध्ये हाती आले. गाणे सुचल्यापासून मोजले तर हा दीड वर्षाचा प्रवास झाला आणि त्यातला वाजवण्याचा भाग जेमतेम चार महिन्यांचा होता. बाकीचा सगळा काळ अर्ज, उत्तरांची वाट, नावांची शुद्धलेखने आणि आपापसांतल्या वाट्यांचा हिशेब यांत गेला. मी दिवसा एका लेखापालांच्या कार्यालयात काम करते, त्यामुळे कागदपत्रांची मला सवय आहे. तरीही मी अनेकदा गोंधळले. मुंबई-पुण्याबाहेर राहून असे काही करू पाहणाऱ्याच्या उपयोगी पडावे, म्हणून घडले तसे क्रमाने लिहीत आहे.

२०२३ चा पाऊस कमी झाला आणि सोलापूरला पाणी पुरवणारे उजनी धरण भरले नाही. सोलापूरकरांना याचा अर्थ वेगळा सांगावा लागत नाही. आमच्याकडे पाणी रोज येत नाही, तीन-चार दिवसांआड येते, आणि आमच्या बाळीवेस भागात ते बहुधा रात्री येते. लहानपणापासून रात्री अडीचच्या सुमारास आईची एकच हाक कानांवर पडत आली आहे : “ऊठ गं, नळ आले.” मग पिंप, हंडे, कळशा, बादल्या, आणि शेवटी पातेलीसुद्धा. त्या ऑक्टोबरात पाणी पाचव्या दिवसावर गेले आणि एका रात्री भरलेल्या पिंपाला टेकून बसले असताना मी गाण्याचे पहिले कडवे फोनवर टिपून घेतले. कडव्यात आवाज दबका, गिटार जवळजवळ एकेका तारेवर, आणि ध्रुवपदात एकदम सगळी वाद्ये अंगावर यावीत, ही अल्टर्नेटिव्ह रॉकमधली ओळखीची रचना या विषयाला अगदी नेमकी बसत होती, कारण आमची गल्लीही तशीच असते : निजानीज, आणि मग एका क्षणात सगळीकडून भांड्यांचा आवाज.

गाण्याच्या सुरुवातीला खऱ्या नळाचा आवाज हवा, असे आमच्या बेसवादकाने सुचवले. त्यासाठी मी पाण्याच्या तीन फेऱ्या, म्हणजे जवळजवळ दोन आठवडे, रात्री फोन घेऊन नळाशी बसले. पाणी येण्याआधी नळातून हवा येते, आणि ती आधी बारीक शिट्टीसारखी वाजते, मग फुरफुरते, मग दोन-तीन गढूळ गचके येतात आणि त्यानंतर धार लागते. धार तांब्याच्या हंड्यात पडू लागली की आवाज खालच्या पट्टीत असतो. हंडा भरत जातो तशी आतली हवेची पोकळी कमी होते आणि आवाज चढत जातो. डोळे मिटूनही हंडा किती भरला ते सांगता येते ते यामुळेच. तिसऱ्या फेरीला नोंद नीट मिळाली, आणि हंडा काठोकाठ येताना जो सूर लागतो तिथूनच आम्ही गिटारचा पहिला सूर धरला. गाण्याची पट्टीही त्या हंड्याने ठरवली.

तालमी आम्ही आमच्या ड्रमवादकाच्या घरच्या यंत्रमागांच्या शेडवर, अक्कलकोट रस्त्याच्या औद्योगिक वसाहतीत केल्या. खाली माग चालू असताना वर कितीही मोठ्याने वाजवले तरी कोणाची तक्रार येत नाही, ही तिथली मोठी सोय. ध्वनिमुद्रणाला मात्र ती जागा चालणार नव्हती. गिटार, बेस आणि गायन सोलापुरातच एका मित्राच्या छोट्या खोलीत दोन दिवसांत झाले. त्याचे ४,००० रुपये लागले. जानेवारीतल्या सिद्धेश्वराच्या गड्डा यात्रेच्या दिवसांत आमच्या भागात गायन ध्वनिमुद्रित करणे शक्य नसते, म्हणून ते यात्रेनंतर ठेवले. ड्रमच्या प्रत्येक भागाला वेगळा मायक्रोफोन लावता येईल अशी खोली आम्हांला आमच्या खर्चात इथे मिळाली नाही. २० जानेवारीला पहाटेच्या हुतात्मा एक्सप्रेसने चौघेही पुण्याला गेलो, सहा तासांचे ७,२०० रुपये भरले आणि रात्री परतलो. प्रवास आणि जेवण मिळून ३,४०० रुपये झाले. जाताना दोन गोष्टी बरोबर असाव्यात : ज्या वेगाला गाणे बसवले आहे त्या ठेक्याची फाइल, आणि कच्चे गायन व गिटार. त्या दोन गोष्टी होत्या म्हणून आमचे काम सहा तासांत आटोपले, नाहीतर दुसरा दिवस लागला असता.

मिक्सिंग (सगळे आवाज एकत्र बसवणे) आणि मास्टरिंग (त्यातून शेवटची प्रत, म्हणजे मास्टर, तयार करणे) यांचे १५,००० रुपये ठरले होते आणि पहिली प्रत फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात आली. ती ऐकून मला धक्का बसला. सुरुवातीची हवेची शिट्टी आणि फुरफुर पूर्ण गायब होती आणि गाणे थेट धारेपासून सुरू होत होते. ज्यांनी काम केले त्यांना तो ध्वनिमुद्रणातला दोष वाटला होता आणि त्यांनी तो काळजीपूर्वक स्वच्छ केला होता. चोवीस तास पाणी येणाऱ्या घरात राहणाऱ्या माणसाला तो आवाज ओळखू येणार नाही, हे माझ्या लक्षातच आले नव्हते. फोनवर सविस्तर सांगितल्यावर त्यांनी ते मनापासून समजून घेतले आणि तो भाग परत जोडला. आपल्या गाण्यात मुद्दाम ठेवलेला खरखरीत आवाज असेल तर तो कोणत्या सेकंदापासून कोणत्या सेकंदापर्यंत आहे, हे फाइलबरोबर लिहून पाठवावे. आणखी एक गोष्ट त्यांच्याकडून कळली. गाणे जितके मोठ्या आवाजाचे तितके चांगले, असा आमचा समज होता. पण स्पॉटिफाय सर्व गाणी साधारण उणे १४ एलयूएफएस (आवाजाचा मोठेपणा मोजण्याचे एकक) या पातळीला आणून वाजवते, त्यामुळे मास्टर त्याहून मोठा केला तर तो तिथे आपोआप खाली ओढला जातो आणि दाबून मोठे करताना हरवलेला चढ-उतार मात्र परत मिळत नाही. आमचे सगळे गाणेच दबक्या कडव्यावर आणि उसळणाऱ्या ध्रुवपदावर उभे आहे, म्हणून आम्ही आवाज कमी ठेवला.

आता सर्वांत अवघड भाग. एका गाण्यात कायद्याच्या दृष्टीने तीन वेगवेगळ्या कलाकृती असतात : शब्द ही एक, चाल ही दुसरी आणि ध्वनिमुद्रण ही तिसरी. तिन्हींचे मालक वेगळे असू शकतात आणि तिन्हींचे पैसे वेगळ्या वाटांनी येतात. हे मला माहीत होते, माझ्या सोबत्यांना नव्हते, आणि मी ते फेब्रुवारीपर्यंत बोलून दाखवले नव्हते. चाल माझी असे मी धरून चालले होते. बेसवादकाचे म्हणणे असे पडले की ध्रुवपदाला जी ओळख मिळाली ती त्याच्या खालच्या स्वरांमुळे, आणि ते खरे होते. ड्रमवादकाने विचारले की ज्या जागी गाणे उसळते ती जागा कोणी शोधली. आम्ही अकरा दिवस एकमेकांशी कामापुरतेच बोललो. त्या दिवसांत मला वाटून गेले की गाणे पडून राहील आणि मैत्रीही जाईल.

शेवटी २५ फेब्रुवारीला, रविवारी, सात रस्त्याजवळ चहाच्या दुकानात बसून आम्ही कागद केला. शब्द संपूर्ण माझे. चाल चौघांची, प्रत्येकी २५ टक्के. ध्वनिमुद्रणाचा खर्च चौघांनी सारखा केला होता, म्हणून त्याची मालकीही प्रत्येकी २५ टक्के. कोणी बँड सोडला तर त्याचा या गाण्यातला वाटा तसाच राहील, आणि गाणे जाहिरातीला किंवा चित्रपटाला द्यायचे असेल तर चौघांची लेखी संमती लागेल, ही दोन कलमेही घातली. १०० रुपयांच्या मुद्रांकावर ते टंकलिखित करून नोटरीकडे सह्या केल्या. नोटरीचे ३०० रुपये झाले. ऑक्टोबर २०२४ पासून राज्यात १०० रुपयांच्या मुद्रांकाऐवजी ५०० रुपयांचा लागू झाला आहे, तेव्हा आता खर्च तसा धरावा. हा कागद तालमींच्या आधी झाला असता तर ते अकरा दिवस आले नसते, याची मला आजही खंत आहे.

गाणे स्पॉटिफायसारख्या ऑनलाइन ऐकण्याच्या सर्व सेवांवर पोहोचवण्यासाठी वितरक लागतो. आम्ही वार्षिक शुल्क घेणारा एक वितरक निवडला. वर्षाचे सुमारे १,८०० रुपये. १२ एप्रिलला गाणे चढवले आणि प्रसिद्धीची तारीख १० मे, शुक्रवार, ठेवली. जुलै २०१५ पासून जगभर नवी गाणी शुक्रवारी प्रसिद्ध करण्याचा प्रघात आहे आणि सेवांच्या नव्या गाण्यांच्या याद्याही शुक्रवारीच बदलतात. अर्जातल्या रकान्यांनी मात्र पूर्ण संध्याकाळ घेतली. शीर्षक देवनागरीत देता येते, पण शोधणारे पुष्कळजण रोमन लिपीत टंकतात आणि रोमन लिपीत ‘ळ’ नाही, त्यामुळे आमचा ‘नळ’ तिथे ‘नल’ होतो. शिवाय ‘आले’मधला ‘आ’ एका ‘ए’ने लिहायचा की दोन, हाही प्रश्न होताच. आम्ही दोन ‘ए’ ठरवले आणि ते शुद्धलेखन पुढे प्रत्येक अर्जात अक्षरशः तेच ठेवले. हे फार महत्त्वाचे आहे, कारण एका जागी वेगळे पडले तर पुढे नोंदी जुळत नाहीत. गाण्याच्या प्रकाराच्या रकान्यात प्रादेशिक भारतीय संगीत असाही पर्याय होता आणि अनेकांनी तोच घेण्याचा सल्ला दिला. मी अल्टर्नेटिव्ह निवडले. भाषेसाठी वेगळा रकाना आहे आणि तिथे मराठी लिहिलेच होते. मराठीत गायले म्हणून रॉक गाणे दुसऱ्या जातीचे होत नाही, असे मला मनापासून वाटते.

वितरकाने गाण्याला आयएसआरसी हा बारा अक्षरांचा सांकेतांक दिला. तो त्या विशिष्ट ध्वनिमुद्रणाचा कायमचा ओळख क्रमांक असतो. उद्या वितरक बदलला तरी तोच द्यायचा असतो, म्हणून तो जपून लिहून ठेवावा.

१६ एप्रिलला मुखपृष्ठ नाकारले गेले. ३००० गुणिले ३००० पिक्सेलची अट आम्ही पाळली होती, पण चित्रकाराने, ज्याला आम्ही २,५०० रुपये दिले होते, खालच्या कोपऱ्यात आमच्या इन्स्टाग्राम खात्याचे नाव घातले होते आणि मुखपृष्ठावर असा मजकूर चालत नाही. ते एका रात्रीत दुरुस्त झाले. खरी अडचण त्यानंतर आली. आमच्या बँडचे नाव एकाच शब्दाचे आहे आणि त्याच नावाचा एक कलाकार परदेशात आहे. पहिल्यांदा गाणे चढवताना नवे कलाकार पान तयार करा, असा पर्याय स्पष्टपणे निवडावा लागतो. तो माझ्याकडून राहिला आणि आमचे येऊ घातलेले गाणे त्या परक्या पानाला जोडले गेले. कलाकारांसाठीच्या खात्यात आमचे गाणे दिसेना, तेव्हा २८ एप्रिलला हे कळले. मी त्याच दिवशी वितरकाच्या मदत विभागाला लिहिले. दोनदा ठरावीक साच्याची उत्तरे आली, ज्यांत माझ्या प्रश्नाचा उल्लेखही नव्हता. तिसऱ्या वेळी मी चौकशीचा क्रमांक, आयएसआरसी, चुकीच्या पानाचा दुवा आणि हवा असलेला बदल, एवढेच चार ओळींत लिहिले. लोकसभेच्या मतदानाच्या दिवशी, ७ मे रोजी, रांगेत उभी असताना दुरुस्ती झाल्याचे पत्र फोनवर आले. तोवर १० मे ही तारीख धरणे व्यर्थ होते. आम्ही ती २४ मेवर नेली.

त्या दोन आठवड्यांचा उपयोगही झाला. स्पॉटिफायच्या संपादकांना गाणे सुचवायचे असेल तर ते प्रसिद्ध होण्यापूर्वीच, आणि किमान सात दिवस आधी सुचवावे लागते. प्रसिद्ध झाल्यावर ती खिडकी बंद होते. आपल्या गाण्याबद्दल ५०० अक्षरांत लिहायचे असते. आम्ही १४ मे रोजी लिहिले : पाणी रात्री कसे येते, सुरुवातीचा आवाज कशाचा आहे, गाणे कोणत्या शहरातले आहे. कोणत्याही संपादकीय यादीत ते लागले नाही. तरी सुचवण्याचा फायदा एवढा की आपल्याला तिथे फॉलो करणाऱ्यांच्या शुक्रवारच्या यादीत गाणे जाते.

२३ मेच्या रात्री बाराला चौघेही आमच्या गच्चीवर होतो. बारा वाजून दोन मिनिटांनी गाणे दिसले. एका सेवेवर ते पहाटे आले आणि एकीवर चक्क दोन दिवसांनी, तेव्हा पहिल्या रात्री सगळीकडे दिसले नाही तर घाबरून जाऊ नये. पहिल्या दिवशी २१२ वेळा वाजले. आम्हांला तो आकडा पुष्कळ वाटला.

पाणी त्या रात्री नव्हते. ते २६ तारखेच्या पहाटे आले. गल्लीत शेजारच्या काकू पिंप भरत होत्या. त्या म्हणाल्या, “तुझं ते गाणं लाव गं, बघू.” मी फोन कट्ट्यावर ठेवला आणि गाणे सुरू केले. पहिले वीस सेकंद गाण्यातला नळ कोणता आणि गल्लीतला कोणता, हे कोणालाच सांगता आले नसते. काकूंनी आधी स्वतःच्या नळाकडे पाहिले आणि मग फोनकडे. मग गिटार आली. त्यांनी शेवटपर्यंत ऐकले आणि म्हणाल्या, “पुढं लई आवाज आहे, शब्द कळंनात. तू नुसतं म्हणून दाखव.” लोक झोपले होते, म्हणून मी हलक्या आवाजात म्हटले. दुसऱ्या कडव्यात आईच्या सुजलेल्या मनगटांचा उल्लेख आहे. तिथे त्यांनी बादली खाली ठेवली.

शब्द कळत नाहीत, हीच तक्रार पुढच्या आठवड्यात इतरांकडूनही आली. काही प्रमाणात ती आमच्या मिक्सची मर्यादा आहे आणि ती मी मान्य करते. पण गाण्याचे शब्द आधीच म्युझिक्समॅच या, ऐकण्याच्या सेवांना शब्द पुरवणाऱ्या, संकेतस्थळावर भरून ठेवले असते तर ऐकताना ते पडद्यावर दिसले असते. आम्ही ते ३१ मे रोजी, देवनागरीत, प्रत्येक ओळ तिच्या वेळेला जोडून भरले. हे काम प्रसिद्धीच्या आदल्या आठवड्यात ठरवून ठेवण्याजोगे आहे.

लातूरहून एका ऐकणाऱ्याने लिहिले की २०१६ मध्ये मिरजेहून पाण्याची रेल्वे आली तेव्हा तो नववीत होता आणि हंड्याचा चढणारा आवाज ऐकून त्याला ती रांग आठवली. सोलापूरच्या पूर्व भागातून तेलुगूत संदेश आले. ते आमच्या ड्रमवादकाने वाचून दाखवले. एका ज्येष्ठ गृहस्थांनी अत्यंत नम्रपणे विचारले की एवढ्या घरगुती विषयाला एवढे कर्कश संगीत कशासाठी. मी त्यांना उत्तर लिहिले की रात्री अडीचला झोपेतून उठून चाळीस हंडे भरण्यात जो राग असतो तो आजवर घरात कोणी मोठ्याने बोललेले मी ऐकले नाही. त्यांनी पुन्हा लिहिले नाही.

जूनच्या पहिल्या आठवड्यात आमच्याच यूट्यूब वाहिनीवरच्या, गाण्याचे शब्द दाखवणाऱ्या चित्रफितीवर हक्काचा दावा लागला. तो दावा आमच्याच वितरकाच्या यंत्रणेने आमच्याच वतीने लावला होता. कंटेंट आयडीची, म्हणजे यूट्यूबवर आपले ध्वनिमुद्रण आपोआप ओळखून दावा लावण्याची, सोय घेतली असेल तर आपली वाहिनी वितरकाच्या दावा न लावायच्या वाहिन्यांच्या यादीत आधी घालून घ्यावी लागते. पाच दिवसांत दावा निघाला. १५ जूनला, निवडणुकीची आचारसंहिता संपल्यावर, आम्ही एका छोट्या सभागृहात वाजवले. ध्वनिक्षेपकाची पोलीस परवानगी घेतली आणि रात्री दहाच्या आत थांबलो. साठ-सत्तर माणसे होती. काकू आल्या होत्या. त्यांच्यासाठी शेवटी एकट्या गिटारवर तेच गाणे पुन्हा म्हटले.

कॉपीराइट कायद्याने कलाकृती निर्माण होताच मिळतो, नोंदणी सक्तीची नाही. पण वाद झाला तर ती पुरावा म्हणून उपयोगी पडते. आम्ही जूनअखेर तीन स्वतंत्र अर्ज ऑनलाइन भरले : शब्दांचे ५०० रुपये, चालीचे ५०० आणि ध्वनिमुद्रणाचे २,०००. अर्ज भरताच डायरी क्रमांक मिळतो आणि त्यानंतर हरकतींसाठी ३० दिवस थांबावे लागते. शब्द आणि चाल यांची प्रमाणपत्रे डिसेंबरपर्यंत आली. ध्वनिमुद्रणाच्या अर्जावर त्रुटीचे पत्र आले, कारण चौघांपैकी एकाच्या ना-हरकत पत्रावर शीर्षक एका ‘ए’ने लिहिले गेले होते. ते पत्र नव्याने करून पाठवले आणि प्रमाणपत्र मार्चमध्ये आले. त्याच काळात आम्ही गीतकार-संगीतकारांच्या आयपीआरएस या संस्थेचे सदस्यत्व घेतले आणि गाण्याची नोंद फेब्रुवारीच्या कागदाप्रमाणेच केली.

एकूण खर्च ३७,३०० रुपये झाला. गाणे नवव्या दिवशी स्पॉटिफायवर हजारच्या पुढे गेले. तिथे २०२४ पासून बारा महिन्यांत हजार वेळा न वाजलेल्या गाण्याला ध्वनिमुद्रणाचे पैसे मिळत नाहीत, म्हणून त्या आकड्याकडे आमचे लक्ष होते. सर्व सेवांवर मिळून पहिल्या तीन महिन्यांत ते ६,३०० वेळा वाजले. सर्वाधिक ऐकणारे पुण्यात, मग मुंबईत आणि तिसरे सोलापुरात. पहिला हिशेब ऑक्टोबरमध्ये आला तो ४१२ रुपयांचा. तोपर्यंत आमचा बेसवादक नोकरीसाठी हैदराबादला गेला होता. वितरकाच्या खात्यात वाटे आधीच लावून ठेवलेले होते, त्यामुळे कोणाला काही सांगावे-विचारावे लागले नाही. संध्याकाळी त्याचा फोन आला. १०३ रुपये जमा झाले आहेत म्हणाला, आणि विचारले, आज कितव्या दिवशी आले पाणी.